इंग्रजीतील तारतम्य

सीमाभागातील मराठी शाळांत इंग्रजीच्या उत्तरपत्रिका तपासणाऱ्या शिक्षकास दोन वाक्ये हटकून भेटतात. एक, ‘राम इज टॉल दॅन शाम’. दुसरे, ‘राम इज मोअर टॉलर दॅन शाम’. पहिल्यात तुलनेचा प्रत्यय मुळीच नाही, दुसऱ्यात तुलना दोनदा झाली आहे. तांबड्या शाईची रेघ दोहोंवर सारखीच ओढली जाते, आणि ‘आमच्या पोराला इंग्रजी जमत नाही’ असे म्हणत पालक पुढच्या जूनमध्ये धाकट्याचे नाव इंग्रजी माध्यमात घालून मोकळे होतात. वास्तविक ते पोर मठ्ठ नसते. आपल्या कानावरच्या दोन भाषांचे नियम ते तिसरीत अगदी इमानाने पाळीत असते.

मराठीत आपण ‘राम शामपेक्षा उंच आहे’ असे म्हणतो. येथे ‘उंच’ हे विशेषण जसेच्या तसे राहते. तुलनेचा सारा भार बिचाऱ्या शामवर पडतो. हा ‘पेक्षा’ म्हणजे मूळचा संस्कृत ‘अपेक्षा’ शब्द. शामच्या अपेक्षेने राम उंच, इतकाच त्याचा अर्थ. ‘शामहून’ म्हटले, तर ‘हून’ हा पंचमीचाच प्रत्यय. शेजारची कन्नड वास्तविक निराळ्या कुळातली. पण येथे तिची चाल आपल्यासारखीच आहे. ‘रामनु शामनिगिंत एत्तर’ या वाक्यात ‘गिंत’ शामला लागले, ‘एत्तर’ला धक्का लागला नाही. घरी मराठी आणि बाजारात कन्नड ऐकणाऱ्या निपाणीच्या मुलाला अशा रीतीने दोन्ही भाषा एकच गोष्ट शिकवितात, की विशेषणाला हात लावावयाचा नाही. मग इंग्रजी येऊन सांगते की नामाला हात लावू नकोस, ‘टॉल’चे ‘टॉलर’ कर. मूल गोंधळले नाही तरच नवल! ही एवढी गोष्ट फळ्यावर तिन्ही भाषांतील वाक्ये एकाखाली एक लिहून दाखविली, तर अर्धे काम होते. नुसता ‘गुड, बेटर, बेस्ट’चा घोष करून ते होत नाही, असे माझे मत आहे.

‘मोअर टॉलर’ची कथा वेगळी आहे. आपण हल्ली ‘अधिक उंच’, ‘जास्त गोड’ असे म्हणतो. त्या ‘अधिक’चे ‘मोअर’ होते आणि पाठ केलेला ‘अर’ही सुटत नाही. एका अवयवाच्या शब्दाला ‘अर’ व ‘एस्ट’, ‘ई’कारान्त दोन अवयवांच्या ‘हॅपी’सारख्या शब्दालाही तेच, आणि लांबलचक शब्दाला ‘मोअर’ व ‘मोस्ट’, हा सर्वसाधारण नियम. बेळगावचा कुंदा गोकाकच्या करदंटापेक्षा ‘स्वीटर’ असेल, पण ‘डिलिशस’ म्हणावयाचे तर ‘मोअर डिलिशस’च म्हटले पाहिजे. दोन्ही एकत्र नकोत. अर्थात ही शिस्त इंग्रजीतही फार जुनी नव्हे. शेक्सपिअरच्या ‘ज्युलियस सीझर’ नाटकात ‘मोस्ट’ लावलेल्या विशेषणालाच पुन्हा ‘एस्ट’ जोडलेला आढळतो. अठराव्या शतकातील व्याकरणकारांनी ही द्विरुक्ती दोष ठरविली, आणि परीक्षक त्यांच्या बाजूचे आहेत.

आपल्याकडे तरी काय निराळे झाले? ‘तर’ आणि ‘तम’ हे संस्कृतातील तुलनेचे प्रत्यय. ‘तारतम्य’ हा शब्द त्यांच्यापासूनच निघाला. त्यांच्या जोडीला ‘ईयस्’ आणि ‘इष्ठ’ हे आणखी दोन. ‘श्रेष्ठ’, ‘ज्येष्ठ’, ‘कनिष्ठ’ हे शब्द मुळातच शेवटच्या पायरीवरचे आहेत; तरीही यजुर्वेदाच्या आरंभीच ‘श्रेष्ठतम’ असा शब्द येतो! गंमत अशी, की हा ‘इष्ठ’ आणि इंग्रजीचा ‘एस्ट’ एकाच मूळ प्रत्ययाची लेकरे आहेत. संस्कृत ‘स्वादिष्ठ’ आणि इंग्रजी ‘स्वीटेस्ट’ हे सख्खे नसले तरी चुलत भाऊ खासच. मराठीत येईपर्यंत ‘स्वादिष्ठ’चे ‘स्वादिष्ट’ झाले, त्यातला ‘सर्वांत’ हा अर्थ गळून गेला, आणि आता ‘अधिक स्वादिष्ट’ म्हणणे कोणालाच खटकत नाही. हे सांगितले की ‘एस्ट’ मुलांना परका वाटेनासा होतो.

याहून सूक्ष्म चूक मोठ्या माणसांकडून, चांगल्या पदवीधरांकडूनही होते. ‘बेळगावची हवा निपाणीपेक्षा थंड आहे’ हे मराठीत चालून जाते. तेच शब्दशः इंग्रजीत उतरविले, तर हवेची तुलना गावाशी होते. तेथे ‘दॅन दॅट ऑफ निपाणी’ असेच हवे. ‘सीनियर’, ‘ज्युनियर’, ‘सुपीरिअर’ हे लॅटिन घराण्यातले शब्द तर ‘दॅन’ला उभेच करीत नाहीत, त्यांना ‘टू’ लागतो. नोकरीच्या अर्जात ‘सीनियर दॅन’ लिहिणारे उमेदवार काही कमी नाहीत.

‘दॅन’च्या पुढचे वाक्य अर्धवट सोडले की आणखी एक घोटाळा होतो. ‘निपाणी कोल्हापूरला बेळगावपेक्षा जवळ आहे’ या वाक्याचा अर्थ काय? निपाणीपासून बेळगाव जितके दूर, त्यापेक्षा कोल्हापूर जवळ, की कोल्हापूरला बेळगाव जितके जवळ, त्यापेक्षा निपाणी जवळ? निपाणीहून कोल्हापूर सुमारे ४० किलोमीटर, बेळगाव सुमारे ७५. त्यामुळे दोन्ही अर्थ खरे ठरतात आणि घोटाळा लपून राहतो. म्हणून वर्गात मी दुसरे वाक्य घेतो: ‘आई माझ्यापेक्षा धाकट्यावर जास्त माया करते.’ येथे मराठी गप्प बसते. इंग्रजीला मात्र ‘दॅन शी लव्ज मी’ की ‘दॅन आय डू’, हे सांगावेच लागते. धाकटी भावंडे असलेली मुले पहिला पर्याय तत्काळ निवडतात, आणि मग ‘आय’ कोठे व ‘मी’ कोठे हे त्यांना पुन्हा सांगावे लागत नाही.