माणसांचा बाजार बंद झाला, पुढे काय?

चेन्नईला गेलात की तुम्ही काय काय बघता? मरीना बीच, मयिलापूरचे कपालीश्वर मंदिर, टी. नगरमधली रेशमी साड्यांची दुकाने. मराठी असाल तर जॉर्ज टाउनमधल्या तंबू चेट्टी रस्त्यावरच्या कालिकांबाळ मंदिरातही जाता. दक्षिणेच्या मोहिमेवर असताना १६७७ मध्ये शिवाजी महाराज इथे दर्शनाला आले होते, असे तिथे सांगितले जाते. आपण हात जोडतो, फोटो काढतो, मुलांना चार गोष्टी सांगतो आणि पुढे निघतो.

पुढच्या वेळी मुलांना आणखी एक गोष्ट सांगा. तीही त्याच मोहिमेतली आहे. पण ती लढाईची नाही, माणसांच्या बाजाराची आहे.

या किनाऱ्यावर माणसे विकली जात

गुलामगिरी म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर अमेरिका येते. आफ्रिकेतून जहाजात कोंबून नेलेली काळी माणसे, कापसाचे मळे, चाबूक. हे सगळे आपल्यापासून फार लांब घडले, असे आपल्याला वाटते.

पण चेन्नईच्या उत्तरेला तासा-दोन तासांच्या अंतरावर पुलिकत नावाचे गाव आहे. आज लोक तिथे सरोवर आणि रोहित पक्षी बघायला जातात. सतराव्या शतकात तिथे डचांचा किल्ला होता आणि कापडाबरोबर माणसांचाही व्यापार चालायचा. दुष्काळ पडला की या व्यापाराला तेजी येई. भुकेने हैराण झालेले आईबाप मुले विकत, कुणी स्वतःलाच विकून घेई. मूठभर तांदळाच्या बदल्यात माणूस मिळे. मग जहाजे भरून ही तमिळ, तेलुगू माणसे बटाव्हियाला, म्हणजे आजच्या जकार्ताला किंवा श्रीलंकेला नेली जात. त्यातली बहुतेक पुन्हा कधीच घरी आली नाहीत.

कौलातली एक अट

१६७७ मध्ये महाराजांनी जिंजी घेतली आणि या किनाऱ्याचा मोठा पट्टा त्यांच्या अमलाखाली आला. डचांना व्यापार चालू ठेवायचा होता, म्हणून त्यांनी नव्या राज्यकर्त्याकडे कौल मागितला. कौल मिळाला, पण त्यात एक अट होती. आधीच्या अमलात तुम्हाला इथून स्त्री-पुरुष गुलाम विकत घेऊन नेता येत होते, पण हा मुलूख माझ्या ताब्यात आहे तोवर ते चालणार नाही, अशा अर्थाचा मजकूर त्या कौलात आहे. डचांच्याच कागदपत्रांमुळे आज तो आपल्याला माहीत आहे.

इंग्लंडच्या पार्लमेंटने गुलामांच्या व्यापारावर बंदी घातली ती १८०७ मध्ये, म्हणजे या कौलानंतर १३० वर्षांनी. अभिमान वाटावा अशीच ही गोष्ट आहे. पण अभिमान वाटला की आपण तिथेच थांबतो. त्या अटीतले शब्द पुन्हा वाचा: हा मुलूख माझ्या ताब्यात आहे तोवर. राजाचा हुकूम त्याच्या राज्यापुरता आणि त्याच्या काळापुरताच टिकतो. पुढे पेशवाईत आपल्याच महाराष्ट्रात बटकी आणि कुणबिणी विकत घेतल्या जात होत्या आणि त्या व्यवहारांच्या नोंदी सरकारी दप्तरात होत होत्या. हेही आपणच मुलांना सांगायला हवे.

किल्ल्यातला गव्हर्नर

आता सेंट जॉर्ज किल्ल्यात चला. आज इथे तमिळनाडूची विधानसभा आणि सचिवालय आहे. आत सेंट मेरी चर्च आहे. १६८० मध्ये या चर्चमध्ये एलिहू येल नावाच्या कंपनीच्या नोकराचे लग्न झाले. हाच येल १६८७ मध्ये मद्रासचा गव्हर्नर झाला.

त्या सुमारास मद्रासहून माणसे विकत घेऊन सेंट हेलेना बेटावर पाठवली जात होती. ज्या कौन्सिलमध्ये हे निर्णय होत, त्यात येल होता. १६८८ मध्ये मद्रासने हा व्यापार बंद केला. कुणाच्या मनात दया आली म्हणून नव्हे. गोवळकोंडा जिंकून मुघल दाराशी आले होते, त्यांना हा व्यापार मान्य नव्हता आणि इंग्रजांना त्यांचा रोष परवडणारा नव्हता.

मद्रासमध्ये गडगंज झालेल्या येलने १७१८ मध्ये अमेरिकेतल्या एका छोट्या कॉलेजला नऊ गाठी माल आणि ४१७ पुस्तके भेट दिली. कॉलेजने त्याचे नाव घेतले. तेच आजचे जगप्रसिद्ध येल विद्यापीठ. आपली मुले तिथे शिकायला जावीत म्हणून आईवडील आज काय काय करतात! गुलामगिरीशी असलेल्या आपल्या जुन्या संबंधांबद्दल या विद्यापीठाने २०२४ मध्ये जाहीर माफी मागितली.

याच येलमधून १८७४ मध्ये एडवर्ड बुशे नावाचा कृष्णवर्णीय तरुण पदवीधर झाला. त्याचे वडील येलमध्ये शिकणाऱ्या एका तरुणाच्या दिमतीला गुलाम म्हणून त्या गावात आले होते. १८७६ मध्ये बुशेने तिथेच भौतिकशास्त्रात पीएच.डी. मिळवली. अमेरिकेत पीएच.डी. मिळवणारा तो पहिला कृष्णवर्णीय. तरीही एकाही गोऱ्या विद्यापीठाने त्याला प्राध्यापक म्हणून घेतले नाही. फिलाडेल्फियातल्या कृष्णवर्णीय मुलांच्या शाळेत त्याने २६ वर्षे विज्ञान शिकवले. अमेरिकेत गुलामगिरी १८६५ मध्ये घटनादुरुस्तीने संपली होती. बुशेला मात्र ती रोज भेटत होती.

कायदा झाला, पण आपल्याला वगळून

आपल्याकडे काय झाले? १८३३ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटने साम्राज्यातली गुलामगिरी रद्द केली. मोठा गाजावाजा झाला. पण त्याच कायद्यातून ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख वगळलेला होता, म्हणजे आपण त्यात नव्हतो. आपल्यासाठी कायदा आला १८४३ मध्ये. तोही असा की, अमुक माणूस माझा गुलाम आहे असा दावा यापुढे कोर्टात चालणार नाही. गुलाम बाळगणे किंवा विकणे हा शिक्षेस पात्र गुन्हा ठरला तो भारतीय दंड संहिता आल्यावर, १८६२ पासून.

शेतावर पिढ्यान्‌पिढ्या राबणाऱ्या माणसाला या कायद्याची खबर कोण देणार? मद्रास इलाख्यात शेतमजुरांच्या कितीतरी जाती जमिनीबरोबर विकल्या किंवा गहाण टाकल्या जात असत. कायद्यानंतर त्यांना कुणी गुलाम म्हणेना. पण जमीन मालकाची, झोपडी मालकाच्या जागेवर, आणि लग्नाला किंवा औषधाला घेतलेले कर्ज मालकाच्या वहीत. त्या वहीत काय लिहिले आहे, हे त्याला वाचता येत नव्हते.

इथे क्षणभर थांबा. या सगळ्या गोष्टीची किल्ली त्या वहीत आहे.

मालकाला अक्षरांची भीती का वाटायची?

अमेरिकेत फ्रेडरिक डग्लस नावाचा एक गुलाम मुलगा होता. बाल्टिमोरच्या एका घरात त्याला कामाला पाठवले. तिथली मालकीण त्याला मुळाक्षरे शिकवू लागली. मालकाला कळताच त्याने ते बंद पाडले. वाचायला शिकला तर हा गुलाम म्हणून कामाचा राहणार नाही, असे त्याचे म्हणणे. लहानग्या डग्लसला त्या दिवशी उमगले की सुटकेची वाट इथूनच जाते. मग तो खिशात भाकरीचा तुकडा ठेवू लागला. रस्त्यावरच्या भुकेल्या गोऱ्या पोरांना तो द्यायचा आणि बदल्यात त्यांच्याकडून अक्षरे शिकायचा. १८३८ मध्ये तो पळाला, १८४५ मध्ये त्याने आपली कहाणी पुस्तकात लिहिली आणि पुढे गुलामगिरीविरुद्धच्या लढ्याचा सर्वांत मोठा आवाज बनला.

आता पुण्यात या. डग्लसचे पुस्तक आले त्यानंतर तीनच वर्षांनी, १८४८ मध्ये, जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी मुलींची शाळा काढली. पुढे त्यांनी अस्पृश्य मानलेल्या जातींच्या मुलामुलींनाही शिकवले. त्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मातंग समाजातल्या किशोरवयीन मुलीने १८५५ मध्ये ‘ज्ञानोदय’मध्ये मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला. आमच्या बायका बाळंत होतात तेव्हा त्यांच्या डोक्यावर छप्परही नसते, हे दुःख तिने त्यात मांडले. तोवर हे दुःख सगळ्यांना दिसत होते, पण ज्यांचे होते त्यांच्यातल्या एका मुलीने ते छापील मराठीत मांडणे ही नवी गोष्ट होती.

१८७३ मध्ये जोतीरावांचे ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध झाले. जोतीबा आणि धोंडीबा यांच्या संवादातून त्यांनी दाखवून दिले की शूद्रातिशूद्रांची अवस्था गुलामांपेक्षा वेगळी नाही. आणि हे पुस्तक त्यांनी कुणाला अर्पण केले? काळ्या गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या अमेरिकेतल्या सज्जन लोकांना. आपल्या देशबांधवांनीही त्यांचा कित्ता गिरवावा, अशी आशा त्यांनी व्यक्त केली. अमेरिकेतली गुलामगिरी संपून आठच वर्षे झाली होती. पुण्यातला एक माणूस तिथली बातमी वाचतो आणि त्यात आपल्या गावकुसाबाहेरचा माणूस ओळखतो. एका जागी सुटलेला माणूस दुसऱ्या जागी अडकलेल्याला वाट दाखवतो, ती अशी.

एका पत्राची गोष्ट

ही वाट पुढेही चालू राहिली. १९१३ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकर न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकायला गेले. कृष्णवर्णीयांची वस्ती असलेले हार्लेम तिथून जवळच आहे. पुढे जुलै १९४६ मध्ये त्यांनी डब्ल्यू. ई. बी. दु बॉइस यांना पत्र लिहिले. दु बॉइस हे हार्वर्डमधून पीएच.डी. मिळवणारे पहिले कृष्णवर्णीय अमेरिकन आणि काळ्या माणसाच्या मनाचा ठाव घेणारे मोठे विचारवंत. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत बाबासाहेबांना हवी होती, कारण इथले अस्पृश्यही तसाच अर्ज करण्याचा विचार करत होते. दु बॉइस यांनी त्याच महिन्यात उत्तर दिले. आपण तुमचे नाव जाणतो आणि अस्पृश्यांबद्दल आपल्याला पूर्ण सहानुभूती आहे, असे त्यांनी कळवले.

या दोघांनाही त्यांच्या समाजाच्या बाजूने कायदे हवे होते. पण कायदा वापरायला येणारी, त्यावर वाद घालणारी आणि नवा कायदा मागणारी माणसे घडल्याशिवाय तो कागदच राहतो, हे दोघेही ओळखून होते. म्हणूनच शिक्षणाबाबत दोघांनीही कधी तडजोड केली नाही.

आणि आपल्या घरात?

तुम्ही म्हणाल, हा सगळा इतिहास झाला. तर मग १९७६ चा कायदा आठवा. वेठबिगारी रद्द करणारा हा कायदा सांगतो की कर्जापोटी माणसाला बांधून ठेवता येणार नाही आणि अशा माणसाचे ते कर्जच माफ समजले जाईल. तरीही चेन्नईच्या आसपासच्या जिल्ह्यांत, भातगिरण्यांत आणि वीटभट्ट्यांवर आगाऊ रकमेपायी अडकलेल्या इरुळा आदिवासी कुटुंबांची सुटका झाल्याच्या बातम्या अजूनही येतात. आपल्याकडे ऊसतोडीला जाणारे जोडपे मुकादमाकडून उचल घेते आणि हंगाम संपला तरी कधी कधी ती फिटत नाही. हिशेब मुकादमाच्या वहीत असतो. वही बदलली, वहीतली युक्ती तीच राहिली.

ऊस आणि विटा लांब वाटत असतील तर आपल्या स्वयंपाकघरात बघा. तुमच्याकडे काम करणाऱ्या ताईंना तुम्ही आगाऊ पैसे दिले असतील. त्यात चूक काही नाही, अडीअडचणीला आपणच उपयोगी पडायचे. पण त्याचा हिशेब त्यांच्याकडेही लिहिलेला आहे का? पैसे फिटेपर्यंत दुसरीकडे काम धरायचे नाही, असे आपण म्हणतो का? त्यांना सुट्टीचा हक्क आहे, की ती आपली मेहरबानी आहे? आणि मदतीला म्हणून त्या सोबत जी लेक आणतात, ती शाळेत का जात नाही, हे आपण कधी विचारले आहे? चौदा वर्षांखालच्या मुलाला घरकामाला ठेवणे २००६ पासून गुन्हा आहे. कुठे असे मूल राबताना दिसले तर १०९८ या क्रमांकावर कळवता येते.

सुरुवात छोटी असू शकते. दोन वह्या करा, एक तुमची आणि एक ताईंची. दर महिन्याला दोघींनी मिळून आकडे लिहा. त्यांना लिहिता येत नसेल तर तुमच्या मुलीला त्यांच्या शेजारी बसवा. रोज पंधरा मिनिटे पुरतात. महिन्या-दोन महिन्यांत त्या स्वतःची सही करतील, मग स्वतःचा हिशेब तपासतील. कदाचित एखाद्या महिन्यात तुमची चूकही काढतील. त्या दिवशी रागावू नका.

आणि पुढच्या खेपेला चेन्नईला गेलात की मंदिर बघून झाल्यावर मुलांना किल्ल्यातही घेऊन जा. तिथे त्यांना हुकुमाची गोष्ट सांगा, कायद्याची सांगा आणि भाकरीच्या तुकड्यावर अक्षरे विकत घेणाऱ्या त्या मुलाचीही सांगा. मग त्यांनाच विचारा, या तिघांतले कोणते सगळ्यांत जास्त टिकले?