बेंबीचा देठ आणि मूत्राशयाचा माथा : यूरॅकसच्या कर्करोगाचे निदान व उपचार

मराठी बोलणारा माणूस 'बेंबीच्या देठापासून' ओरडतो. या वाक्प्रचारात बेंबी ही पोटावरची नुसती खूण राहत नाही. तिला आत खोलवर गेलेला एक देठ आहे, असे भाषेने गृहीत धरलेले असते. शेजारच्या कन्नडात नाळेला 'होक्कुळबळ्ळी', म्हणजे बेंबीची वेल, असे म्हणतात. कन्नडातील वेल ही जन्मसमयी कापली जाणारी, देहाबाहेरची नाळ होय. मराठीतील देठ मात्र देहाच्या आतला आहे. शरीररचनाशास्त्राच्या दृष्टीने पाहता असा आतला देठ खरोखरच असतो. बेंबीच्या आतील बाजूपासून पोटाच्या मध्यरेषेवरून मूत्राशयाच्या माथ्यापर्यंत उतरणाऱ्या तंतुमय दोरीला वैद्यकात 'यूरॅकस' म्हणतात. हा शब्द ग्रीक भाषेतील मूत्रवाचक शब्दावरून आलेला आहे. या दोरीत क्वचित कर्करोग उद्भवतो. त्याच्या निदानाचा व उपचारांचा विचार करताना असे आढळते की, रोगाला कोणते नाव द्यावे हा येथे निव्वळ परिभाषेचा प्रश्न राहत नाही. शरीरातून काय काढायचे आणि काय ठेवायचे, हे त्या नावावरून ठरते.

गर्भावस्थेच्या आरंभी मूत्राशय थेट बेंबीपर्यंत पोहोचलेला असतो. पुढे तो खाली ओटीपोटात उतरतो आणि त्याचा वरचा भाग ताणला जाऊन अरुंद नळीसारखा होतो. जन्माच्या सुमारास ही नळी बुजते व तिची दोरी बनते. क्वचित ती मुळीच बुजत नाही. तेव्हा नवजात बालकाच्या बेंबीतून लघवी पाझरू लागते व दोष ताबडतोब ध्यानात येतो. परंतु वरवर बुजलेल्या दोरीतही सूक्ष्म पोकळी शिल्लक राहू शकते. शवविच्छेदनाधारित अभ्यासांत सुमारे एक तृतीयांश प्रौढांमध्ये असे अवशेष आढळलेले आहेत. त्यांपैकी बहुतेकांना त्यांचा आयुष्यभर काही उपद्रव होत नाही. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात अश्मरीचे विवेचन करताना बस्तीचे वर्णन नाभी, पाठ, कंबर इत्यादींच्या मध्ये असलेला, एकच द्वार असलेला, अधोमुख व भोपळ्याच्या आकाराचा अवयव असे आलेले आहे. तेथे बस्तीचे स्थान सांगताना नाभीचा उल्लेख होतो, ही गोष्ट लक्षणीय आहे. मात्र त्यावरून प्राचीनांना यूरॅकसचे ज्ञान होते असा निष्कर्ष काढणे हा उतावीळपणा ठरेल.

बंगळुरूच्या दक्षिणेस होसूर रस्त्यावरील बोम्मसंद्र हे गाव औद्योगिक वसाहतीमुळे परिचित होते. नारायण हृदयालयाच्या स्थापनेनंतर त्याला रुग्णांचे गाव अशीही ओळख मिळाली. २००९ मध्ये तेथे मझुमदार-शॉ यांच्या नावाचे कर्करोग केंद्र सुरू झाले. ऑगस्ट २०२५ पासून मेट्रोची पिवळी मार्गिकाही तेथवर पोहोचली आहे. अशा ठिकाणी खानापूर वा निपाणीकडचा मराठीभाषी रुग्ण येतो, तेव्हा त्याची तक्रार घरच्या मराठीतून कामापुरत्या कन्नडात वा हिंदीत आणि तेथून केसपेपरावरील इंग्रजीत उतरते. या प्रत्येक टप्प्यावर काही ना काही गळते. सामान्य आजारात ही गळती खपून जाते. यूरॅकसच्या कर्करोगात ती महागात पडू शकते, कारण या रोगाची सुरुवातीची लक्षणे इतर किरकोळ व्याधींच्या नावाखाली सहज दडून जातात.

सर्वांत नेहमीचे लक्षण म्हणजे लघवीतून रक्त जाणे. 'लघवी लाल होते' ही तक्रार सोबत थोडी जळजळ असेल, तर 'उन्हाळी लागली' या एका शब्दात गडप होते आणि धणे-जिऱ्याचे पाणी पिऊन पुढच्या महिन्यावर ढकलली जाते. मुतखड्याची शंका ही दुसरी सोयीची पळवाट. वेदनारहित रक्तस्राव आपोआप थांबतो, तेव्हा तर औषध लागू पडले असाच समज होतो. रक्ताखेरीज काही रुग्णांत लघवीतून शेंबडासारखा चिकट पदार्थ जातो. हे लक्षण सर्वांत आढळत नाही. पण आढळले तर ते फार बोलके असते, कारण मूत्राशयाच्या नेहमीच्या कर्करोगात असा स्राव सहसा नसतो. रुग्ण मात्र संकोचामुळे ते सांगत नाही, आणि दुभाष्या नातेवाईक, विशेषतः मुलगा वा सून असेल, तर ते भाषांतरातून गाळतो. बेंबीतून पाणी येणे, बेंबीखाली दुखणे किंवा गाठ लागणे ही आणखी काही चिन्हे. गाठ उदरावरणाच्या बाहेर, पोटाच्या भिंतीमागील मोकळ्या जागेत वाढत असल्यामुळे बराच काळ कोठेही अडत नाही; म्हणून निदान पुष्कळदा उशिरा होते.

तपासणीत प्रथम सोनोग्राफी होते, मग दुर्बिणीतून मूत्राशय पाहिला जातो. गाठ मूत्राशयाच्या माथ्यावर वा पुढच्या भिंतीवर दिसली, की जाणत्या शल्यविशारदाच्या मनात यूरॅकसची शंका यावी लागते. दुर्बिणीला दिसतो तो गाठीचा केवळ मूत्राशयात उतरलेला भाग. तिचा मोठा हिस्सा बाहेर, बेंबीच्या दिशेने असू शकतो. तो दाखविण्याचे काम सीटी स्कॅन अथवा एमआरआय करतात. मध्यरेषेवर, मूत्राशयाच्या वर असलेली, अंशतः पातळ द्रव्याने भरलेली आणि चुन्याचे बारीक कण विखुरलेली गाठ हे चित्र पुरेसे सूचक मानले जाते. त्यातही देहाचा उभा, बाजूने घेतलेला छेद पाहिला, तर देठाशी तिचे नाते एका दृष्टिक्षेपात कळते.

खरी अडचण सूक्ष्मदर्शकाखाली सुरू होते. मूत्राशयाचा नेहमीचा कर्करोग त्याच्या स्वतःच्या अस्तरातून निर्माण होतो. यूरॅकसचे अस्तर बहुधा त्याच जातीचे असते. तरीही त्यातील कर्करोगांपैकी सुमारे नव्वद टक्के ग्रंथिजन्य, म्हणजे अ‍ॅडिनोकार्सिनोमा या प्रकारचे असतात, व त्यांपैकी बहुतेक श्लेष्म स्रवणारे. अस्तराचे रूपांतर ग्रंथिल अस्तरात होऊन तेथे कर्करोग उपजतो, असे याचे स्पष्टीकरण दिले जाते. परिणामी ही गाठ मोठ्या आतड्याच्या कर्करोगासारखी दिसते, इतकी की केवळ तुकडा पाहून दोहोंत फरक करणे अनुभवी विकृतिशास्त्रज्ञालाही कठीण जाते. विशेष रंजकांच्या चाचण्यांनीही पेच पूर्ण सुटत नाही: आतड्याच्या ग्रंथींची खूण मानली जाणारी सीडीएक्स-२ व सीके-२० ही प्रथिने येथेही बहुधा आढळतात. बीटा-कॅटेनिन हे प्रथिन पेशीकेंद्रात साठलेले दिसले तर कौल आतड्याच्या बाजूने झुकतो. परंतु हा पुरावाही निर्णायक नव्हे. अलीकडच्या जनुकीय अभ्यासांनी तर दोन्ही रोगांतील साम्य आणखी ठळक केले आहे.

तौलनिक अभ्यासकाला ही परिस्थिती अपरिचित वाटणार नाही. दोन संहिता शब्दशः जुळतात, पण एक दुसरीतून आली की दोन्ही स्वतंत्रपणे निर्माण झाल्या, हे त्या शब्दांवरून ठरत नाही. त्यासाठी संहितेबाहेर, तिच्या उगमाकडे जावे लागते. वैद्यकातील मार्गही हाच आहे. गाठीचा केंद्रबिंदू मूत्राशयाच्या भिंतीत वा तिच्या बाहेर, माथ्यावर वा पुढील बाजूस असावा. भोवतालच्या अस्तरात ग्रंथिल बदल सर्वत्र पसरलेले नसावेत. आणि अशीच गाठ शरीरात अन्यत्र नसावी, अशा कसोट्या लावल्या जातात. बेग यांनी १९३० च्या सुमारास केलेले यूरॅकसचे विवेचन, व्हीलर व हिल यांनी १९५४ मध्ये घालून दिलेल्या कसोट्या आणि त्यानंतर त्यांत होत गेलेली शिथिलता, असा हा विचार विकसित झाला आहे. शिथिलता आवश्यक होती, कारण जुन्या कसोट्या इतक्या कडक होत्या की मूत्राशयात पसरलेला यूरॅकसचा कर्करोग त्यांतून निसटण्याचा धोका होता. शेवटची कसोटी पार पाडण्यासाठी रुग्णाची कोलोनोस्कोपी करावी लागते. स्त्रियांमध्ये बीजाशय व गर्भाशय यांचीही तपासणी होते. 'लघवीच्या आजाराला आतड्यात दुर्बीण कशाला?' हा रुग्णाचा प्रश्न स्वाभाविक आहे, आणि त्याचे उत्तर त्याच्या भाषेत देता येणे हा उपचाराचाच भाग आहे.

नाव निश्चित झाल्यावर उपचाराची दिशा बदलते. नेहमीच्या मूत्राशय-कर्करोगात वरवरची गाठ दुर्बिणीतून खरवडून काढतात व नंतर मूत्राशयात बीसीजी सोडतात. स्नायूत शिरलेला रोग असल्यास बहुधा संपूर्ण मूत्राशय काढावा लागतो. यूरॅकसच्या कर्करोगात खरवडणे अपुरे, तर संपूर्ण मूत्राशय काढणे बहुतेक वेळा अनावश्यक ठरते. येथील प्रमाणभूत शस्त्रक्रिया म्हणजे मूत्राशयाचा माथा, त्यावरील दोरी, पोटाच्या भिंतीमागील लगतचे आवरण आणि बेंबी हे सारे अखंड एका तुकड्यात काढणे. सोबत ओटीपोटातील लसीका ग्रंथीही अनेकदा काढल्या जातात. ती पोट उघडून, लॅपरोस्कोपीने वा रोबोटच्या साहाय्याने होऊ शकते. पद्धतीपेक्षा कडा रोगमुक्त राहणे महत्त्वाचे. बेंबी मागे राहिल्यास अथवा कडेवर रोग उरल्यास परिणाम वाईट होतो, असे उपलब्ध रुग्णमालिकांतून दिसते. 'मूत्राशयाचा कर्करोग' या ढोबळ नावाने शस्त्रक्रिया झाली, तर मागे राहते ती नेमकी बेंबी.

आणि बेंबी काढण्यास संमती देणे वाटते तितके सोपे नाही. मूत्राशयाचा अर्धा भाग काढण्यास मान डोलावणारा रुग्ण येथे अडखळतो. बेंबी हे आईशी असलेल्या नाळेचे शरीरावर उरलेले एकमेव चिन्ह आहे, आणि मराठीत गावाशी, मातीशी असलेले नातेही नाळेच्याच भाषेत सांगितले जाते. संमतिपत्रावरील 'अंबिलिकस' या शब्दावर सही घेतली म्हणजे संमती मिळाली, असे समजणे चूक होय. रोग देठात आहे व देठ बेंबीपर्यंत जातो, एवढे सांगितले तरी बहुतेकांना कारण पटण्यासारखे आहे. पुढे कातडीची नवी बेंबी घडविता येते, हेही सांगता येते. यूरॅकससाठी 'मूत्रनाल' यासारखा संस्कृतोद्भव प्रतिशब्द घडविला, तर तो मूत्रमार्गाशी घोटाळा निर्माण करील. त्यापेक्षा वाक्प्रचारातला देठ अधिक नेमका आहे.

रोगाच्या पायऱ्या ठरविण्यासाठी शेल्डन यांची १९८४ ची पद्धत दीर्घकाळ वापरात आहे. तिच्याहून सुटसुटीत अशी मेयो क्लिनिकची पद्धत २००६ मध्ये पुढे आली. रोग देठात व मूत्राशयात सीमित असेल तर शस्त्रक्रियेने तो बरा होण्याची आशा चांगली असते; लसीका ग्रंथी वा उदरावरण गाठल्यावर ती झपाट्याने घटते. सर्व पायऱ्या एकत्र धरता पाच वर्षे जगणाऱ्यांचे प्रमाण सुमारे निम्मे सांगितले जाते. पसरलेल्या रोगात औषधे निवडताना उगमाचा प्रश्न पुन्हा उभा राहतो. आतड्याच्या कर्करोगात दिली जाणारी फ्लुरोयुरॅसिल व ऑक्झॅलिप्लॅटिन यांवर आधारलेली मिश्रणे, किंवा फ्लुरोयुरॅसिलला सिस्प्लॅटिनची जोड, यांचा येथे अवलंब होतो. रोग इतका दुर्मिळ आहे, मूत्राशयाच्या कर्करोगांत एक टक्क्याहूनही कमी, की मोठ्या तुलनात्मक चाचण्या झालेल्या नाहीत. निर्णय लहान रुग्णमालिकांवर घ्यावा लागतो.

बोम्मसंद्रहून गावी परतलेल्या रुग्णाचे पुढचे वैद्यक त्याच्या हातातील डिस्चार्ज कार्डावर अवलंबून असते. त्यावर केवळ मूत्राशयाचा कर्करोग असे लिहिलेले असेल, तर गावाकडचा डॉक्टर दर काही महिन्यांनी दुर्बिणीतून मूत्राशय पाहील व तो स्वच्छ आढळल्यास समाधान मानील. हा रोग मात्र पोटाच्या भिंतीत, उदरावरणात वा फुप्फुसातही परततो. त्यासाठी सीटी स्कॅन, आणि आधी वाढलेली असल्यास रक्तातील सीईए या खुणेची पातळी, नियमित पाहावी लागते. कार्डावर यूरॅकस हा शब्द असला, आणि त्याखाली मराठीत वा कन्नडात एक ओळ असली, तर त्या तपासण्या होतात.