तालुक्याच्या गावातून टेनिसकडे

इंदापुराहून सोलापूरच्या रस्त्याने निघून टेंभुर्णीला डावीकडे वळले म्हणजे कुर्डुवाडीवरून बार्शी गाठता येते. त्या बार्शीची कन्या प्रार्थना ठोंबरे हिने २०१४ साली इंचिऑनच्या आशियाई क्रीडास्पर्धेत सानिया मिर्झाच्या साथीने महिला दुहेरीचे कांस्यपदक मिळवले, आणि २०१६ साली रिओच्या ऑलिंपिकमध्ये याच जोडीने भारताचे प्रतिनिधित्व केले. टेनिस हा मुंबई-पुण्याच्या जिमखान्यांचा खेळ, आपल्या ऊसपट्ट्यातील मुलांना तो साधणार नाही, असे मानून बसलेल्या बारामती-इंदापूरकडील पालकांना ही हकीकत आवर्जून सांगावीशी वाटते.

रिओचे ते स्थान तिला मिळाले कसे, हे समजून घेतले की या व्यवसायाचे मर्म हाती लागते. दुहेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या दहांत असलेल्या खेळाडूला पहिल्या तीनशेतील जोडीदार घेऊन थेट प्रवेश मिळावा, असा त्या वेळी नियम होता. सानिया तेव्हा प्रथम क्रमांकावर होती. परंतु प्रार्थनाने वर्षानुवर्षे लहानसहान स्पर्धांतून गुण जमवून स्वतःचे नाव त्या तीनशेंत राखले नसते, तर सानियाचा क्रमांकही तिच्या उपयोगी पडता ना. पहिल्याच फेरीत चीनच्या झांग शुआई आणि पेंग शुआई यांच्याशी ही जोडी तिसऱ्या सेटमध्ये ५-७ अशी हरली. तेवढ्यावरून त्या वर्षांच्या परिश्रमांची किंमत ठरवणे मला अन्यायाचे वाटते.

या लहान स्पर्धा आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाच्या देखरेखीखाली भरतात. सर्वांत खालच्या पायरीवरील स्पर्धेची एकंदर बक्षीसरक्कम १५ हजार डॉलर असते, आणि एकेरी-दुहेरीच्या साऱ्या खेळाडूंत तिची वाटणी होते. दुहेरीत तर हाती आलेल्या रकमेचे पुन्हा दोन भाग पडतात. विमानभाडे, मुक्काम, प्रशिक्षकाचा मेहनताना आणि रॅकेटच्या ताराही याच जमेतून भागवायच्या असल्याने पहिल्या फेरीत हरलेल्या खेळाडूच्या जमाखर्चात बहुधा तूटच उरते. गुणांची मुदतही अवघ्या ५२ आठवड्यांची. उसाला निदान खोडवा तरी मिळतो. येथे दरवर्षी नवी लागण करावी लागते, आणि दुखापतीने सहा महिने घरी बसलेल्या खेळाडूचे नाव क्रमवारीत झपाट्याने खाली सरकते. ग्रँड स्लॅम स्पर्धेच्या विजेत्याला दोन हजार गुण मिळतात हे आपण वृत्तपत्रांत वाचतो. पाचदहा गुणांसाठी परमुलखात आठवडेच्या आठवडे काढणाऱ्या शेकडो मुलामुलींची वार्ता आपल्यापर्यंत क्वचितच येते.

श्रीरामपूरची ऋतुजा भोसले हिने निराळा मार्ग पत्करला. अमेरिकेतील टेक्सास ए अँड एम विद्यापीठात शिक्षण आणि खेळ यांची सांगड घालून ती व्यावसायिक टेनिसमध्ये परतली. ३० सप्टेंबर २०२३ रोजी हांगझोऊच्या आशियाई क्रीडास्पर्धेत, त्रेचाळीस वर्षांच्या रोहन बोपण्णाच्या साथीने, पहिला सेट २-६ असा गमावल्यावरही दुसरा ६-३ आणि निर्णायक टायब्रेक १०-४ असा जिंकून तिने मिश्र दुहेरीचे सुवर्णपदक मिळवले. ज्या घरांना मुलीचे शिक्षण अर्धवट सुटण्याची धास्ती वाटते, त्यांनी हा मार्ग विशेष लक्षपूर्वक पाहावा.

आपल्याकडे कुस्तीला लोकाश्रय आहे. जत्रेच्या आखाड्यात गाव वर्गणी काढून इनाम लावतो. टेनिसपटूला असा आश्रय नाही, आणि त्याची खरी निकड पदक मिळण्यापूर्वीच्या वर्षांत असते. बारामती, भवानीनगर, वालचंदनगर या परिसरात कारखाने आहेत, शिक्षणसंस्था आहेत, सधन बागायतदार आहेत. त्यांनी सत्काराच्या शाली राखून ठेवण्याऐवजी एखाद्या होतकरू मुलीच्या दोनतीन वर्षांच्या प्रवासखर्चाची तजवीज करावी, आणि ती करताना तिच्याकडे विजयाची हमी मागू नये, अशी माझी कळकळीची विनंती आहे.