कुठला अंगठा, कुठला सांधा?

केस पेपरवर डॉक्टरांनी ‘अंगठा निखळला, बसवला’ एवढंच लिहिलं, तर रुग्णाचं काम भागतं. नोंद मात्र अर्धवट राहते. उजवा की डावा? अंगठ्याच्या तीन सांध्यांपैकी कोणता? पूर्ण निखळला की नुसता सरकला? अमेरिकेत रुग्णालयाचं बिल विमा कंपनीकडे जाण्याआधी या प्रश्नांची उत्तरं सात चिन्हांच्या एका कोडमध्ये मावावी लागतात. तो कोड लावणाऱ्यांत पुण्या-मुंबईतली मुलंमुलीही आहेत. मेडिकल कोडर म्हणून काम करणाऱ्या या मंडळींनी तो अंगठा कधी पाहिलेला नसतो. त्यांच्यापुढे असतात फक्त डॉक्टरांचे शब्द.

या कोडचं मूळ आहे आयसीडी, म्हणजे आजारांचं आंतरराष्ट्रीय वर्गीकरण. माणसं कशाने मरतात हे सगळ्या देशांना एकाच पद्धतीने मोजता यावं म्हणून फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियों यांनी १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. तिची सहावी आवृत्ती १९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि मृत्यूंबरोबर आजार व दुखापतीही त्यात शिरल्या. दहावीवरून अमेरिकेने स्वतःची विस्तारित आवृत्ती केली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती लागू केली.

त्याआधी अमेरिकेत नववी आवृत्ती चालत होती आणि तिच्यात अंगठ्याला स्वतंत्र जागाच नव्हती. ८३४ हा गट ‘बोट निखळणे’चा, अंगठा त्यातच धरलेला. सांधा मधला की टोकाचा आणि जखम उघडी की बंद, एवढं कळे. हात कोणता, ते कळायची सोयच नव्हती. पकडीच्या कामात ज्याच्यावाचून हाताचं पान हलत नाही, त्या अंगठ्याची नोंद करंगळीसारखीच होत होती.

आताचा एक कोड सुटा करून पाहू: एस६३.११४ए. ‘एस’ म्हणजे दुखापत. ‘६३’ म्हणजे मनगट आणि हाताच्या पातळीवर सांधा निखळणं किंवा लचकणं. पुढचा १ अंगठ्याचा. त्यानंतरचा १ मधल्या सांध्याचा, म्हणजे अंगठा तळहातापासून जिथे सुटा होतो तिथला. इथे २ असता तर नखाजवळचा सांधा. सहाव्या जागी दोन गोष्टी एकदम येतात. १, २, ३ हे अनुक्रमे उजवा, डावा आणि ‘बाजू नमूद नाही’, पण सांधा अर्धवट सरकलेला. ४, ५, ६ हाच क्रम, पण सांधा पूर्ण निखळलेला. म्हणजे आपल्या रुग्णाचा उजव्या अंगठ्याचा मधला सांधा पुरता निखळला होता.

शेवटच्या ‘ए’वर नवखे कोडर हमखास अडखळतात. त्याचा अर्थ पहिली भेट असा नाही. प्रत्यक्ष उपचार चालू आहेत असा आहे. इमर्जन्सीत सांधा बसवला तरी ‘ए’, चार दिवसांनी दुसऱ्या सर्जनने शस्त्रक्रिया केली तरी ‘ए’च. पुढे सांधा भरून येत असताना तपासणीला बोलावलं की ‘डी’. आणि वर्षभराने अंगठा आखडलेलाच राहिला, तर आधी आखडण्याचा कोड आणि मग मूळ दुखापतीचा कोड, शेवटी ‘ए’ऐवजी ‘एस’ लावलेला.

मनगटाजवळचा, मुळाचा सांधा मात्र या रांगेत नाही. तो मनगटाच्या गटात, एस६३.०४ खाली सापडतो. अंगठ्याच्या पानावर शोधत बसलं तर मिळतच नाही. शिवाय या सांध्याबरोबर पहिल्या तळहाडाचा बुडखाही मोडला असेल, तर नोंद निखळण्याची न होता फ्रॅक्चरची होते. डब्लिनचे सर्जन एडवर्ड बेनेट यांनी १८८२ मध्ये वर्णन केलेलं हे फ्रॅक्चर आजही त्यांच्याच नावाने एस६२.२१ खाली आहे. काही काळ तर या यादीत अंगठ्याच्या ‘जवळच्या’ आणि ‘दूरच्या’ पेरसांध्यांचे वेगवेगळे कोड होते. बाकीच्या बोटांना दोन पेरसांधे असतात, अंगठ्याला एकच. ते कोड पुढे वगळले गेले.

एवढी बारकाई असूनही सर्जनला सर्वात आधी जे कळायला हवं, ते या कोडमध्ये नाही. मधला सांधा निखळतो तो बहुतेकदा अंगठा मागे जोरात वाकल्याने: बर्फावर स्कीइंग करताना पडलं, चेंडू टोकावर बसला. अशा वेळी सांध्याच्या तळहाताकडच्या बाजूची जाड पट्टी फाटते. ती बाहेरच राहिली तर सांधा बंद पद्धतीने बसतो. ती दोन हाडांच्या मध्ये जाऊन अडकली, तर सहसा शस्त्रक्रियेवाचून सुटका नसते. दिसायला उलटं असतं. अंगठा मागे काटकोनात उभा राहिलेला, पाहून पोटात गोळा येईल असा, तो बहुधा साधा प्रकार. अडकलेल्या प्रकारात वाकडेपणा कमी दिसतो, पण तळव्याची कातडी एका जागी आत ओढल्यासारखी खळगते. आणि साध्या प्रकारात कुणी अंगठा सरळ रेषेत जोराने ओढला, तर ती पट्टी आत खेचली जाऊन साध्याचा अवघड होऊ शकतो. ‘ओढला की बसतो’ या भरवशावर मैदानातल्या मित्राकडे किंवा हाडवैद्याकडे अंगठा देणाऱ्यांनी हे नीट ध्यानात घ्यावं. निदानाचा कोड दोन्ही प्रकारांना एस६३.११४ए हाच लागतो. फरक उमटतो तो उपचाराच्या वेगळ्या कोडमध्ये: भूल न देता बंद पद्धतीने बसवला तर २६७००, उघडून बसवला तर २६७१५.

म्हणून चांगला कोडर अंदाज बांधत नाही. केस पेपरवर बाजू नसेल तर तो एक्स-रेच्या रिपोर्टमध्ये पाहतो, नर्सच्या नोंदीत पाहतो, आणि तरीही शंका उरली तर डॉक्टरांना क्वेरी पाठवतो. सगळं ‘नमूद नाही’मध्ये टाकून एस६३.१०६ए लावणं सोपं असतं, नियमात बसतंही. पण त्या नोंदीवरून पुढच्या डॉक्टरला काहीच कळत नाही, आणि विमा कंपनीला शंका काढायला जागा मिळते. वेळेच्या टार्गेटखाली काम करतानाही क्वेरी पाठवणाऱ्या कोडरचं मला मनापासून कौतुक वाटतं.

आपल्याकडे परिस्थिती वेगळी आहे. आरोग्य विम्याच्या क्लेम फॉर्ममध्ये रुग्णालयाने भरायच्या भागात आयसीडी-१० चा रकाना असतो. पण जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आवृत्तीत एस६३.१ म्हणजे कुठलंही बोट निखळणं, अंगठ्यासकट. हात कोणता याची खूण त्यात नाही. १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या अकराव्या आवृत्तीत मूळ कोडला पुरवणी कोड जोडून बाजू दाखवता येते: उजव्यासाठी एक्सके९के, डाव्यासाठी एक्सके८जी. दहाव्या आवृत्तीवर काम चालू आहे तोवर कोडमध्ये जे मावत नाही, ते शब्दांत लिहिलेलं असणंच महत्त्वाचं. तेव्हा स्वतःचा किंवा घरातल्या कुणाचा अंगठा निखळला, तर दवाखान्यातून निघण्यापूर्वी डिस्चार्ज कार्ड वाचून घ्या. हात कोणता, सांधा कोणता, पूर्ण निखळला की सरकला, कसा लागला आणि कसा बसवला, या पाचांपैकी एखादी गोष्ट राहिली असेल, तर तिथेच, त्याच दिवशी लिहून मागा.