बॉम्ब आणि अणुभट्टी एकाच नजरेने पाहणारे प्रफुल्ल बिडवई

१८ मे १९७४ रोजी पोखरणला पहिला अणुस्फोट झाला. सरकारने त्याला ‘शांततामय’ म्हटले आणि देशाने ते मान्य करून टाकले. प्रफुल्ल बिडवई तेव्हा पंचविशीत होते. आयआयटी मुंबईत शिकलेला हा तरुण महाराष्ट्रातल्या ‘मागोवा’ गटाच्या डाव्या वर्तुळातला. १९७२ पासून तो ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त लिहीत होता. १९७८ मध्ये ‘बिझनेस इंडिया’तल्या लेखात त्यांनी भारतातली अणुवीज हा पांढरा हत्ती तर नव्हे, असा थेट सवाल केला. अणुशक्ती खाते पंतप्रधानांच्या हाताखाली आणि १९६२ च्या कायद्याने गुप्ततेच्या पडद्याआड. अशा खात्याकडे हिशेब मागणे त्या काळी धाडसाचे होते. वीज आणि बॉम्ब या दोन्ही गोष्टी त्याच पडद्यामागे घडतात, हे एकदा ध्यानात आल्यावर बिडवईंनी त्या पुन्हा कधी वेगळ्या मानल्या नाहीत.

पुढे ‘टाइम्स ऑफ इंडिया’तली बारा वर्षे. १९९३ मध्ये ते तिथून बाहेर पडले आणि अभ्यासाला मोकळे झाले.

त्यांच्या कामगिरीतला सगळ्यात कठीण काळ मला १९९६ चा वाटतो. अणुचाचण्या थांबवा, ही मागणी जगापुढे पहिल्यांदा नेहरूंनी १९५४ मध्ये ठेवली होती. १९९३ मध्ये सर्वंकष चाचणीबंदीच्या ठरावाला भारत सहप्रस्तावक होता. आणि जिनिव्हातल्या वाटाघाटींनंतर करार प्रत्यक्ष समोर आला, तेव्हा भारतानेच पाठ फिरवली. अण्वस्त्रधारी देश आपली शस्त्रे कधी नष्ट करणार याची मुदत करारात नाही, हे कारण दिले गेले. शिवाय ४४ देशांनी मान्यता दिल्याखेरीज करार लागू होणार नाही असे कलम होते आणि त्या यादीत भारताचे नाव होते. हा सार्वभौमत्वावरचा घाला आहे, अशी भावना उजव्यांपासून डाव्यांपर्यंत पसरली. १० सप्टेंबर १९९६ रोजी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत १५८ मते कराराच्या बाजूने पडली, विरोधात तीन: भारत, भूतान आणि लिबिया.

बिडवई आणि त्यांचे सहकारी अचिन वनाईक यांनी त्या वर्षी ‘टेस्टिंग टाइम्स’ हे पुस्तक लिहून चाचणीबंदीची बाजू घेतली. करार अपुरा आहे हे त्यांना मान्य होते. पण अपुरा लगामही लगामच असतो, आणि निःशस्त्रीकरणाच्या भाषेआड बॉम्बचा पर्याय राखून ठेवला जातो आहे, हे त्यांचे म्हणणे. स्वतःच्या वैचारिक घरातही त्यांना फारशी सोबत मिळाली नाही. दोन वर्षांच्या आत, ११ आणि १३ मे १९९८ रोजी, पोखरणने त्यांचे म्हणणे खरे केले. त्याच महिन्याच्या अखेरीस पाकिस्ताननेही चाचण्या केल्या.

पेढे वाटले जात असताना हे दोघे ‘साउथ एशिया ऑन अ शॉर्ट फ्यूज’ लिहीत होते. १९९९ मध्ये आलेल्या या पुस्तकाचा मुद्दा आपल्या भूगोलातच आहे. अमेरिका आणि सोव्हिएत संघ यांच्यात महासागर होते; दिल्ली आणि लाहोर यांच्यात क्षेपणास्त्राला काही मिनिटे पुरतात. चूक उमगायला, दुरुस्त करायला वेळच नाही. बॉम्बमुळे युद्धे टळतील असे सांगितले जात होते, आणि वर्षभरात कारगिल घडले. भारताचे ५२७ जवान धारातीर्थी पडले. चीनच्या बॉम्बचे काय, हा प्रश्न मात्र पुस्तक मिटल्यावरही माझ्या मनात उरतो, आणि तो उरायला हवा असे मला वाटते.

२००० मध्ये इंटरनॅशनल पीस ब्यूरोने दोघांना शॉन मॅकब्राइड शांतता पुरस्कार दिला. त्याच वर्षी नोव्हेंबरात दिल्लीत ‘कोअलिशन फॉर न्यूक्लिअर डिसआर्ममेंट अँड पीस’ ही आघाडी उभी राहिली, तिच्या संस्थापकांत बिडवई होते.

महाराष्ट्रातले लोक त्यांना पुन्हा भेटले ते कोकणातल्या जैतापूर अणुप्रकल्पाच्या निमित्ताने. १६५० मेगावॉटच्या सहा फ्रेंच अणुभट्ट्या माडबनला येणार होत्या. त्या बनावटीची एकही भट्टी तेव्हा जगात कुठे चालू नव्हती. बिडवईंनी मच्छीमारांची आणि आंबा बागायतदारांची बाजू आकडेवारीनिशी मांडली. मार्च २०११ मध्ये फुकुशिमा घडले, एप्रिलमध्ये तिथल्या साखरी नाटे गावात पोलिसांच्या गोळीबारात एक आंदोलक मृत्युमुखी पडला. खडका बंधारा आटला आणि आमच्या बीड जिल्ह्यातल्या परळीचे औष्णिक संच बंद ठेवावे लागले, हे २०१३ मध्ये आम्ही पाहिले. त्यामुळे प्रचंड प्रकल्पाआधी तिथले पाणी, जमीन आणि माणसे विचारात घ्या, हा बिडवईंचा आग्रह मला कोकणापुरता वाटत नाही.

२३ जून २०१५ रोजी ॲमस्टरडॅममध्ये त्यांचे अकस्मात निधन झाले. ट्रान्सनॅशनल इन्स्टिट्यूटचे ते फेलो होते. डाव्या चळवळीची चिकित्सा करणारे ‘द फिनिक्स मोमेंट’ त्यांच्या पश्चात प्रसिद्ध झाले.

१९९८ नंतर भारताने एकही अणुचाचणी केलेली नाही. चाचण्या करणार नाही, असे सरकारने स्वतःहून जाहीर केले आहे. पण तो शब्द कराराने बांधून घ्या, असे बिडवई आणि वनाईक १९९६ मध्ये सांगत होते, आणि ती सही आजही झालेली नाही.