हृदय की कुत्रा? बोटांची चूक, कानाची चूक

अरबीत हृदयाला ‘क़ल्ब’ म्हणतात आणि कुत्र्याला ‘कल्ब’. पहिला ‘क़’ पडजिभेजवळून उमटतो, दुसरा आपल्या ‘क’सारखा. मराठी कानाला दोन्ही सारखेच वाटतात. आखाती देशांत काम करणाऱ्या भारतीय परिचारिकेला रुग्णासाठी अरबीत दोन ओळी टाइप करायच्या असतील, तर हा फरक तिच्या बोटांना ठाऊक असावा लागतो.

अरबीच्या प्रचलित कीबोर्डवर ‘बा’ हे अक्षर इंग्रजी एफच्या बटणावर असते, तर ‘ता’ जेच्या. ही मांडणी हाताला बसायला बराच सराव लागतो, कारण बोटांच्या नव्या सवयी मेंदूत हळूहळूच मुरतात. फोनेटिक मांडणी हे कष्ट वाचवते. तिच्यात बीच्या बटणावर ‘बा’ आणि टीच्या बटणावर ‘ता’ मिळतो. इंग्रजीची जुनी सवयच कामी येते.

अडचण पुढे आहे. अरबीत २८ अक्षरे आहेत. त्यांत ‘त’, ‘स’ आणि ‘ह’ यांच्या जवळचे, पण वेगळे उच्चार असलेली जोडीची अक्षरे आहेत. ती बहुधा शिफ्ट दाबून काढावी लागतात. मराठीतही तेच होते. फोनेटिक पद्धतीने लिहिताना शिफ्ट राहिले, की ‘छातीत कळ येते’चे ‘छातीत कल येते’ होते. शब्दतपासणीही ही चूक पकडत नाही, कारण दोन्ही शब्द खरेच आहेत. अरबीत ‘अलम’ हा शब्द हम्झा घेऊन लिहिला तर वेदना, ‘ऐन’ने लिहिला तर ध्वज!

याचे मूळ कानात आहे. तान्ह्या बाळाला जगातील बहुतेक भाषांमधले ध्वनी वेगळे ओळखता येतात. वर्षभरात मेंदू घरातल्या भाषेला सरावतो आणि परक्या ध्वनींमधले बारकावे बोथट होतात. ध्वनीवर बेतलेला कीबोर्ड ऐकणाऱ्याच्या कानाइतकाच अचूक असतो. सुदैवाने मोठ्या वयातही सरावाने कान सुधारतो.

म्हणून नवशिक्यांनी फोनेटिक मांडणी खुशाल वापरावी, पण जोडीचे शब्द आधी ऐकून, मग लिहून शिकावेत. दुखणे, औषध किंवा रुग्णाचे नाव लिहिले असेल, तर ते पाठवण्यापूर्वी अरबी जाणणाऱ्याकडून वाचून घ्यावे. नुसत्या नावावर रुग्णाची ओळख पटवू नये. जन्मतारीख आणि नोंदणी क्रमांकही ताडून पाहावा.