दादा कोंडकेंची ‘आये’ : मुलापेक्षा फक्त ८ वर्षांनी मोठी असलेली आई!

गुडघ्यापर्यंतची चड्डी, लोंबणारी नाडी आणि तोंडात ‘आये’ अशी हाक. दादा कोंडकेंच्या सिनेमातला हा सीन रील्सवर आजही फिरतो. दादांना सगळे ओळखतात, पण त्या हाकेला ओ देणारी नऊवारीतली आई कोण होती?

तिचं नाव रत्नमाला.

आधी हिरोईन, मग आई

रत्नमाला यांचा जन्म १९२४ चा. आज त्या फक्त आई म्हणून आठवतात, पण सुरुवात त्यांनी नायिका म्हणून केली होती. १९४२ च्या ‘स्टेशन मास्टर’ या हिंदी सिनेमात त्यांच्यासोबत प्रेम अदीब होते. हेच प्रेम अदीब पुढच्या वर्षी ‘रामराज्य’मध्ये प्रभू राम म्हणून देशभर गाजले. संगीत होतं तरुण नौशाद यांचं.

मग आला १९७१ चा ‘सोंगाड्या’. वसंत सबनीसांनी लिहिलेल्या आणि गोविंद कुलकर्णींनी दिग्दर्शित केलेल्या या सिनेमात रत्नमाला झाल्या भोळ्या नाम्याची आई. दादांचा जन्म १९३२ चा. म्हणजे पडद्यावरच्या या मायलेकांत अंतर होतं जेमतेम ८ वर्षांचं! तरीही प्रेक्षकांना ते कधी खटकलं नाही.

ही आई इतकी महत्त्वाची का?

‘सोंगाड्या’च्या वेळी दादा चाळिशीकडे झुकले होते. एवढा मोठा माणूस बावळट पोरासारखा वागतोय, हे पटायला त्याच्यावर डाफरणारी आई हवीच. ती ओरडली की नाम्या लहान वाटायचा. शिवाय दादांची ओळख द्वयर्थी विनोदाची. पण घरात आईचा धाक दिसला की हा पोरगा चावट असला तरी मनाने निर्मळ आहे, असं प्रेक्षकाला वाटायचं.

ती नुसती रडणारी आईही नव्हती. तमाशाच्या नादी लागलेल्या नाम्याला तीच घराबाहेर काढते आणि खरी गोष्ट तिथून पुढे सरकते.

जोडी जमली

त्यानंतर ‘एकटा जीव सदाशिव’ (१९७२), ‘आंधळा मारतो डोळा’ (१९७३), ‘राम राम गंगाराम’ (१९७७) अशा सिनेमांत रत्नमाला दिसत राहिल्या. दादांच्या सलग ९ सिनेमांनी रौप्यमहोत्सव केला आणि त्याची नोंद गिनीज बुकात झाली. या यशात ‘आये’चाही वाटा होता.

‘आये’ ही तशी पश्चिम महाराष्ट्रातली हाक. परभणीतल्या पेडगावपासून लातूरपर्यंत मराठवाड्यात आईला ‘माय’ म्हणतात. पण दादांच्या सिनेमांमुळे ही ‘आये’ तिकडेही ओळखीची झाली.

२४ जानेवारी १९८९ रोजी रत्नमाला यांचं निधन झालं. नायकाचं नाव पोस्टरवर मोठं, आईचं बारीक. त्यामुळे चेहरा लक्षात राहिला आणि नाव मागे पडलं. पुढच्या वेळी ती क्लिप समोर आली, तर कमेंटमध्ये दादांच्या नावासोबत हेही नाव लिहा : रत्नमाला.